हवेत काढलेली अक्षरं

जिन्यावर मुंगीची पावलं वाजली की ताईच्या पोटात गोळा उठायचा. आधी दप्तर पायरीवर टेकल्याचा आवाज, मग दम खाल्ल्याचा, मग पुन्हा पावलं. इतका वेळ लागायचा, की पोरगी अर्ध्या वाटेवरूनच परत गेली असेल अशी आशा ताईला वाटायची, आणि पाठोपाठ तशी आशा वाटल्याची लाज. मग दारावर टकटक व्हायची. बेल असूनही मुंगी बोटाच्या पेरानंच दार वाजवायची, कारण बेलच्या बटणाखाली काहीतरी लिहिलेलं होतं आणि लिहिलेल्या गोष्टींच्या वाटेला ती शक्यतो जात नसे.

मुंगी नऊ वर्षांची. स्वतःपेक्षा मोठं ओझं पाठीवर घेऊन भिंतीच्या कडेकडेनं चालायची, म्हणून हे नाव. ते ताईच्या आईनं ठेवलेलं. शाळेत तिला वेगळ्या नावांनी हाक मारत, पण ती नावं इथं सांगण्यासारखी नाहीत.

ताईच्या आईला मात्र सगळं गाव 'बाई' म्हणायचं. ज्या मुलांची अक्षरं कागदावर एका जागी थांबत नाहीत, कालचा पाठ केलेला शब्द आज ज्यांना अनोळखी माणसासारखा भेटतो, अशा मुलांना बाई शिकवायच्या. शाळेतून निवृत्त झाल्यावर त्यांनी घराची पुढची खोली त्या कामाला दिली होती. डॉक्टर लोक डिस्लेक्सिया म्हणतात तो शब्द त्या क्वचितच वापरत. म्हणायच्या, नाव मोठं आहे गं, मुलं लहान आहेत.

बाईंना जाऊन दीड महिना झाला होता. मेंदूत रक्तस्राव झाला, आणि त्यानंतरचे काही दिवस त्या दवाखान्यात होत्या. वाचा गेली होती. नर्सनं पाटी-पेन्सिल आणून दिली, तेव्हा जन्मभर दुसऱ्यांची अक्षरं सरळ करणाऱ्या आईनं पाटीवर काहीतरी लिहिलं आणि लेकीकडे पाहिलं. ते काय होतं ते ताईला कळलं नाही. ती म्हणाली, हो आई, कळलं. आईनं डोळे मिटून घेतले. लेक खोटं बोलतेय हे तिला कळलं होतं, एवढं मात्र ताईला नक्की कळलं.

नंतर बाईंची बाकीची मुलं एकेक करत दुसरीकडे गेली. मुंगी राहिली. तिचा बाप कोपऱ्यावरच्या बेकरीचा मालक, नोकर आणि हमाल, सगळं काही तोच. मुंगीची आई तिच्या जन्मानंतर थोड्याच दिवसांत गेली, त्यामुळे घरातही तोच सगळं. एका दुपारी तो कोपरापर्यंत पीठ लागलेल्या हातांनी दारात उभा राहिला आणि म्हणाला, तुम्ही त्यांच्याच पोटच्या, बघून बघून आलंच असेल की तुम्हाला, माशाच्या पिलाला काय पोहायला शिकवावं लागतं? ताई नाही म्हणणार होती. पण बेकरीवाल्याच्या मागे, कठड्याला चिकटून, मुंगी उभी होती आणि तिनं दप्तर आधीच खांद्यावरून उतरवलं होतं.

माशाचं पिलू जन्मभर काठावर बसून पाण्यातल्या चुका काढत आलं होतं, हे बेकरीवाल्याला कुठून माहीत असणार? ताई एका छापखान्यात मुद्रितं तपासायची. छापण्याआधीचे कागद तिच्या टेबलावर येत आणि लाल खुणांनी रंगून परत जात. तिच्या नजरेतून एक टिंब सुटत नसे, म्हणून छापखान्यातले लोक तिला तिच्या पाठीमागे 'अनुस्वार' म्हणत. पुढ्यात आली की ताई. तिची सगळी भाकरी डोळ्यावर. आणि आईची पद्धत अशी, की डोळ्याला शेवटचा मान. आधी कान, मग हात, मग डोळा. या मुलांचा डोळाच फितूर असतो, त्याला आधी आत घेतलंस की तो सगळी दारं उघडून देतो, असं आई म्हणायची.

पद्धत ताईला माहीत होती. लहानपणापासून स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर उभं राहून तिनं ती पाहिली होती. शब्द आधी मोठ्यानं म्हणायचा. मग खांद्यापासून मनगटापर्यंत हात थोपटत त्याचे तुकडे पाडायचे. मग एकेक तुकडा तोंडानं म्हणत, अख्खा हात खांद्यातून फिरवून, अक्षर हवेत काढायचं, चांगलं दाराएवढं मोठं. मग वाळूच्या तबकात बोटानं. आणि हे सगळं झाल्यावर कागद. कधीही मुकाट्यानं लिहायचं नाही. आईच्या वर्गात मुकं अक्षर चालत नसे.

खोलीत खिडकीकडे तोंड करून एक टेबल होतं आणि टेबलाच्या एकाच बाजूला, खांद्याला खांदा लागेल अशा, दोन खुर्च्या. उजवीकडची मुलांची. डावीकडची आईची; तिच्या उशीला अजून आईच्या बसण्याचा खळगा होता. पहिल्या दिवशी ताईनं त्या खुर्चीच्या पाठीवर हात ठेवला, आणि काढून घेतला. मग ती स्वयंपाकघरातलं स्टूल घेऊन आली आणि टेबलाच्या पलीकडे, खिडकीकडे पाठ करून, मुंगीच्या समोर बसली. स्वतःला समजावलं, की हे बरंच झालं, मुलीचा चेहरा दिसेल. मुंगीनं स्टुलाकडे पाहिलं, रिकाम्या खुर्चीकडे पाहिलं, आणि आपल्या जागी बसली.

पहिले काही तास भीत भीत का होईना, बरे गेले. कागद अजून काढला नव्हता. ताई हवेत अक्षर काढायची, मुंगी डोळ्याची पापणी न हलवता तिच्या हाताकडे बघायची आणि आपला हात तस्साच फिरवायची. इतकी आज्ञाधारक मुलगी ताईनं पाहिली नव्हती. नखं मात्र तिनं मांसापर्यंत खाल्लेली होती, आणि वाळूच्या तबकात बोट टेकलं की वाळूला घाम लागायचा.

मग एक दिवस बेकरीवाला पोरीला न्यायला आला तो आत येऊन बसलाच. मोठ्या बाईंनी, म्हणजे शाळेच्या मुख्याध्यापिकेनं, त्याला बोलावून घेतलं होतं. महिन्याच्या शेवटच्या शनिवारी त्या स्वतः आपल्या खोलीत बसवून मुंगीला श्रुतलेखन घालणार होत्या. जमलं तर ठीक. नाही तर पुढच्या सत्रापासून तिला दुसऱ्या गावच्या निवासी शाळेत पाठवायचं. तिथं अशीच मुलं असतात, तिथं तिचं भलं होईल. आगगाडीचा अख्ख्या दिवसाचा प्रवास होता, आणि वर्षातून दोनदा घरी.

"तिथली मुलं दर रविवारी घरी पत्र लिहितात म्हणे," तो म्हणाला. "मोठ्या बाईंनी कौतुकानं सांगितलं. आता ही काय लिहिणार, आणि मी काय वाचणार?"

तो हसला, पण हसण्याच्या शेवटी त्याला ठसका लागला. मुंगी वाळूचं तबक सारखं करत होती. पुढच्या वेळी आली तेव्हा बसल्या बसल्या तिनं विचारलं, की तिथं रात्री दिवा घालवतात का. ताई म्हणाली, मला माहीत नाही. मुंगीनं मान हलवली, जणू उत्तर मिळालं.

त्यानंतर काहीतरी बिघडलं.

आधी 'ग' बिघडला. कागदावर त्याचा काना अलीकडे आला आणि गाठ पलीकडे गेली. मग 'न' फिरला. मग 'प' आणि 'ब'. मग वेलांट्या फिरल्या. पहिलीची दुसरी आणि दुसरीची पहिली. मुंगी पूर्वीही चुकायची, पण तिच्या चुका धुक्यातल्यासारख्या असायच्या, आज असतील उद्या नसतील. या चुका तशा नव्हत्या. ही अक्षरं तिनं न अडखळता, ठाम, एकसारखी काढली होती, आणि ती सगळी आरशातल्यासारखी उलटी होती. ताईनं सवयीनं लाल पेन घेतलं आणि छापखान्यात करते तशा खुणा समासात केल्या. मुंगीनं त्या लाल जंगलाकडे पाहिलं आणि पेन्सिल हळूच टेबलावर ठेवली.

त्या दिवसापासून भीती ताईच्या घरीच राहायला आली. सकाळी दात घासताना ती आरशात असायची. या मुलीच्या डोक्यात काही होतंय का? आईच्या डोक्यात झालं तसं? पाटीवरची ती शेवटची ओळ तिला आठवायची. दुसरी भीती त्याहून वाईट होती, की मुलीला काही झालेलं नाही, जे केलंय ते आपणच केलंय, पण काय ते कळत नाही. तिनं कसून उजळणी घेतली. जेवढी उजळणी जास्त, तेवढी अक्षरं पक्की उलटी. बुडणाऱ्याला वर ओढावं आणि आपल्याच हातानं तो आणखी खाली जावा, तसं चाललं होतं. कागद ती टेबलावरच्या मेणकापडाखाली सरकवून ठेवायची. बेकरीवाल्यानं विचारलं की म्हणायची, चाललंय ठीक.

छापखान्यात एका पुस्तकाच्या पहिल्याच पानावर ढळढळीत चूक तिच्या नजरेखालून निसटली. अक्षरं जुळवणारा जुळारी कागद नाचवत आला आणि म्हणाला, आज अनुस्वार रजेवर दिसतोय. सगळे हसले. ताईही हसली, आणि मग मोरीत जाऊन बराच वेळ नळाखाली मनगटं धरून उभी राहिली.

शनिवार पुढच्याच आठवड्यावर आला होता तेव्हाची गोष्ट. सकाळी कामावर जाताना ती पाव घ्यायला बेकरीत शिरली. बेकरीवाला तिला बघून उजळला. गल्ल्यावरच्या काचेच्या कपाटाकडे बोट दाखवून म्हणाला, बघा तरी. काचेवर बाहेरून पातळ कागदाच्या चिठ्ठ्या डकवल्या होत्या. मुंगीनं काल स्वतः लिहिल्या होत्या, कुणी सांगितलं नव्हतं, जन्मात पहिल्यांदा.

"जरा निराळं दिसतंय," तो खालच्या आवाजात म्हणाला. "पण मी म्हटलं, तुमची नवी पद्धत असेल."

एका चिठ्ठीवर 'बन' लिहिलं होतं. 'ब' उलटा, 'न' उलटा. मागे एक गिऱ्हाईक उभं होतं, तेही बघत होतं. गिऱ्हाइकाला वाट द्यायची म्हणून की तोंड लपवायचं म्हणून, ती गल्ल्याची फळी उचलून आत गेली, बेकरीवाल्याच्या बाजूला, आणि कपाटाच्या मागून रस्त्याकडे पाहिलं. सकाळचं ऊन समोरून काचेवर येत होतं. पातळ कागदातून अक्षरं आरपार दिसत होती. पलीकडून आता 'नब' असं वाचता येत होतं. शब्द उलट्या दिशेनं चालत होता, पण एकेक अक्षर सुलट होतं. काना जिथं हवा तिथं, गाठ जिथं हवी तिथं.

म्हणजे ही अक्षरं कुणीतरी पलीकडच्या बाजूनं बघून शिकलं होतं.

ताईचा उजवा हात आपोआप उचलला गेला आणि त्यानं हवेत एक छोटा 'ब' काढला. मग ती त्या हाताकडे बघत राहिली. बेकरीवाल्यानं विचारलं, सुटे आहेत का? ती पाव तिथंच विसरून निघून गेली.

संध्याकाळी मुंगी आली. ताईनं कागद काढला नाही. नुसतं विचारलं, की हे अक्षर तू असं का काढतेस. मुंगीनं आधी दाराकडे पाहिलं. खरं उत्तर आणि हवं असलेलं उत्तर यांतलं कोणतं द्यायचं, याचा तिचा नेहमी गोंधळ उडायचा.

"तुम्ही काढता तसंच काढते," ती शेवटी म्हणाली. हात वर करून तिनं दाखवलं. "बाईंचं इकडून जायचं. तुमचं तिकडून येतं."

"मग मला सांगितलं का नाहीस?"

मुंगी खाली मान घालून वाळूत बोट फिरवत होती.

"बाई गेल्या ना," ती म्हणाली. "मला वाटलं, आता असंच काढायचं असतं."

ताई उठली, स्वयंपाकघरात गेली. पिण्याचं पाणी भरायचं भांडं तिनं नळाखाली धरलं आणि ते भरून वाहायला लागलं तरी धरून ठेवलं. मग तोंड पुसून परत आली. स्टूल उचलून उंबऱ्याबाहेर ठेवलं आणि आईच्या खुर्चीत बसली. उशी आईच्या मापानं खचलेली होती. ताईला तिच्यात नीट बसता येईना, एका अंगावर कलल्यासारखं होत होतं. ती तशीच बसली. म्हणाली, माझं चुकलं. तू बरोबर बघितलंस, मी चुकीच्या जागी बसले होते.

तिला वाटलं होतं मुंगीला हायसं वाटेल. मुंगीचा चेहरा पांढरा पडला.

"मग आता खरं कोणतं?"

आणि तिनं दोन्ही हात मांड्यांखाली दाबून धरले. त्या दिवशी ते बाहेर आलेच नाहीत. पुढच्या वेळीही नाही. ज्या जमिनीवर ती मुश्किलीनं उभी राहिली होती तीच कुणीतरी पायाखालून दोनदा उलटी केली होती. आता ती पाऊल टाकायलाच तयार नव्हती. ताईनं चुचकारलं, आर्जवं केली, एकदा आवाजही चढवला. तो स्वतःचाच आवाज ऐकून घाबरली. शनिवार दाराशी येऊन उभा होता.

बेकरीवाल्याला सांगणं भाग होतं. तो कणीक मळत होता. ताईनं सगळं सांगितलं, मेणकापडाखालच्या कागदांसकट. त्याचे हात थांबले नाहीत, पण मळणं हळू झालं.

"ताई, माझ्याकडून पाव जळला तर मी दुसरी भट्टी लावतो," तो म्हणाला. "पोरगी एकच आहे."

त्यानं कणकेचा गोळा उलटवला. मग तोच म्हणाला, की संध्याकाळी पाठवतो तिला. दुसरं कोण आहे?

त्या संध्याकाळी ताईनं मुंगीला काहीच काढायला सांगितलं नाही. आपला हात हवेत धरला, डोळे मिटले आणि म्हणाली, की मला विसरायला झालंय. बाईंचा हात कसा जायचा ते तूच मला दाखव. रस्त्यावरून एक सायकल घंटी वाजवत गेली. मग एक गार, ओलसर हात मांडीखालून निघाला आणि ताईच्या मनगटावर बसला. मुलं आईचं मनगट धरूनच सुरुवात करायची. हात हलायला लागला. आधी भलतीकडे गेला, थांबला, मागे आला. मुंगीच्या ओठांतून बारीक आवाज निघाला, "ग". ताईचा हात वर गेला, वळला, खाली आला, आणि मिटल्या डोळ्यांनीही तिला कळलं की काना उजव्या बाजूला पडलाय. मुंगीच्या हाताला आईचा हात अजून पाठ होता. ताईनं डोळे उघडले नाहीत. उघडले असते तर पोरीनं तिच्या चेहऱ्यावर परीक्षा वाचली असती.

तरी भीती गेली नाही. दर दुसऱ्या-तिसऱ्या अक्षराला हात अडायचा, कुठं वळू म्हणून. आणि आवाज बंद झाला की हातही बंद व्हायचा. शुक्रवारी ताईनं मुंगीला वेळेआधी घरी पाठवलं.

शनिवारी मोठ्या बाईंच्या खोलीबाहेरच्या बाकावर ताई आणि बेकरीवाला बसले. त्यानं इस्त्रीचा सदरा घातला होता, पण कानामागे पीठ राहिलंच होतं. दार अर्धवट उघडं होतं. आतलं सगळं दिसत होतं: मोठं टेबल, त्यामागे ताठ पाठीच्या मोठ्या बाई, त्यांच्यापुढे मुंगीची शाळेची वही, आणि खुर्चीत पाय न टेकणारी मुंगी. मोठ्या बाईंचा आवाज कडक नव्हता. तो थकलेला होता, आणि ताईला त्याचीच जास्त भीती वाटली. कडक माणूस कधीतरी विरघळतो. थकलेल्याला लवकर निकाल लावायचा असतो.

पहिला शब्द आला. मुंगीनं डाव्या हातानं उजवा दंड थोपटला आणि पुटपुटायला सुरुवात केली.

"मनातल्या मनात," मोठ्या बाई म्हणाल्या.

मुंगी थांबली. पेन्सिल कागदापासून बोटभर वर तशीच राहिली. मोठ्या बाईंनी शब्द पुन्हा सांगितला. पेन्सिल हलली नाही. मुंगीनं मान वळवून दाराकडे पाहिलं, मदत मागण्यासाठी नव्हे. पळून जायला माणूस जिन्याकडे बघतो तसं.

ताईला उठायचं होतं, पण ती उठली नाही. कुणी मध्ये बोललेलं मोठ्या बाईंना खपत नाही हे गावाला ठाऊक होतं. शिवाय बोलायचं म्हणजे सगळंच बोलावं लागणार. बाजूला बेकरीवाल्याचा श्वास ऐकू येत होता. दवाखान्यात ती अशीच पलंगाशी बसली होती आणि सोपं ते बोलून मोकळी झाली होती. ती उठली. दार ढकललं तेव्हा ते नको तेवढं वाजलं.

ती म्हणाली, हिला मोठ्यानं बोलू द्या. आवाज बंद केला की हिचा हात बंद होतो, शिकवणंच तसं आहे.

मोठ्या बाईंनी चष्म्यावरून पाहिलं. मग मुंगीची वही ताईच्या दिशेनं फिरवली. पानंच्या पानं उलट्या अक्षरांनी भरली होती. त्या म्हणाल्या, की शिकवण्याचा परिणाम त्या महिनाभर बघताहेत. ही मुलगी पूर्वी अडखळत होती. आता सरळ उलटी चाललीय. तुमच्या आईंबद्दल मला आदर होता, पण आई वेगळी आणि तुम्ही वेगळ्या.

"ती अक्षरं माझी आहेत," ताई म्हणाली. आवाज चिरकला, तो तिनं तसाच पुढे ढकलला. "मी समोर बसून हवेत काढून दाखवली. तिला समोरून जशी दिसली तशी तिनं घेतली. तिची त्यात एकही चूक नाही. हवं तर तपासून बघा."

मोठ्या बाईंनी एक पान उलटलं, मग दुसरं, मग पहिल्यापासून पुन्हा. एक पान त्यांनी उचलून खिडकीच्या उजेडावर धरलं आणि मागून पाहिलं.

"दोन वर्षांत आम्हाला हिचं एक अक्षर पक्कं करता आलं नाही," त्या शेवटी म्हणाल्या. "तुम्ही महिन्याभरात सगळी चुकीची पक्की केलीत."

ताईनं मान खाली घातली. हे ऐकून घ्यायलाच ती आली होती. पण मोठ्या बाईंची नजर तिच्यावर नव्हती. त्या मुंगीकडे बघत होत्या, पहिल्यांदाच ओळख झाल्यासारख्या.

"म्हणजे शिकवलेलं ही घेते," त्या जणू स्वतःशीच म्हणाल्या. आणि मग मुंगीला, "बोल. मोठ्यानं बोल. मी खिडकीशी उभी राहते."

त्या खरंच उठून खिडकीशी गेल्या आणि तिकडूनच शब्द सांगू लागल्या. ताई दाराच्या चौकटीला टेकून उभी राहिली. बाहेर जा असं कुणी म्हटलं नाही. मुंगीचा आवाज सुरुवातीला मुंगीएवढाच होता. दंड थोपटल्याचा आवाज त्याहून मोठा. मग शब्द, मग तुकडे, मग पेन्सिलीची खरखर. एका शब्दापाशी सगळंच थांबलं. मुंगीनं पेन्सिल ठेवली, हात वर केला आणि रिकाम्या हवेत, कुणाकडेही न बघता, एक अक्षर काढलं. नाही पटलं. पुसल्यासारखा हात फिरवून पुन्हा काढलं. मग लिहिलं.

मोठ्या बाईंनी कागद तपासला तो उभ्यानंच. काही वेलांट्या चुकल्या होत्या, एका जोडाक्षराचा पार चुराडा झाला होता, आणि एक 'न' अजून पाठ फिरवून उभा होता. बाकीची अक्षरं जिकडे बघायला हवीत तिकडे बघत होती. त्यांनी लाल पेन उचललं, क्षणभर हातात धरलं आणि टोपण लावून ठेवून दिलं. वर्षाची परीक्षा होईपर्यंत हिला इथंच राहू दे, असं त्या बेकरीवाल्याला म्हणाल्या. पुढचं तेव्हा बघू. आणि ताईला म्हणाल्या, की तोवर जबाबदारी तुमची.

बेकरीवाल्यानं दोन्ही हात जोडले, ते कुणाला जोडायचे ते न कळून आधी मोठ्या बाईंकडे, मग ताईकडे, मग चुकून दाराशी आलेल्या शिपायाकडे. मुंगी खुर्चीतून घसरत खाली उतरली आणि दप्तर पाठीवर घ्यायला लागली.

शाळेच्या फाटकाशी मुंगीनं विचारलं, की मंगळवारी येऊ का.

"ये," ताई म्हणाली.

बापलेक बेकरीच्या दिशेनं गेली. ताई तिथंच उभी राहिली. सुटल्यासारखं वाटायला हवं होतं, तसं वाटत नव्हतं. त्या मुलीला जे द्यावं ते ती घेते, न विचारता, जसंच्या तसं, आणि आता परीक्षेपर्यंत तिला देणारी आपण एकटीच आहोत, हे तिला त्या उन्हात नीट दिसलं. विचारायला आई नव्हती. पोटातला गोळा जागचा हलला नव्हता. तो तसाच घेऊन ती घराकडे चालू लागली; मंगळवारचे शब्द अजून निवडायचे होते.